स्टीफन करी: गोल्डन स्टेटच्या आधीची वीस वर्षं

परीघ

एनबीए या अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगमध्ये गोल्डन स्टेट संघाकडून गाजलेल्या करीबद्दल मराठीत जे लिहिलं जातं ते बहुतेक 2015च्या आसपास सुरू होतं. हा धागा त्याआधीच्या काळाचा आहे: शार्लट, टोरांटो, पुन्हा शार्लट, मग डेव्हिडसन कॉलेजची तीन वर्षं. "कुणी विचारत नव्हतं आणि एका रात्रीत चमकला" असं सांगून लोक मोकळे होतात, आणि नेमकं शिकण्यासारखं तेवढं गळून जातं. माझ्या मते खरं काम एका उन्हाळ्यात झालं, शॉट मोडून पुन्हा बांधला तेव्हा. पुढचं सगळं त्यावर उभं आहे.

आधी थोडी पार्श्वभूमी. जन्म 14 मार्च 1988, ओहायोतलं अ‍ॅक्रन. वडील डेल करी तेव्हा क्लीव्हलँडकडून खेळत होते. त्याच वर्षी शार्लटला नवा संघ आला आणि डेल पुढचे 10 हंगाम तिथे राहिले. आई सोन्या व्हर्जिनिया टेककडून व्हॉलीबॉल खेळलेली, वडील त्याच कॉलेजचे बास्केटबॉलपटू. घरात धाकटा भाऊ सेथ आणि बहीण सिडेल. डेल ज्या रिंगवर शिकले ती व्हर्जिनियातल्या ग्रोटोज गावात, आजोबांनी खांबावर बसवलेली. नातवंडंही सुट्टीत तिथे खेळायची. डेलची कारकीर्द टोरांटोत संपत आली तेव्हा स्टीफन तिथल्या क्वीन्सवे ख्रिश्चन कॉलेज या शाळेकडून खेळला. त्या वर्षी शाळा एकही सामना हरली नाही. 2002 नंतर कुटुंब शार्लटला परतलं आणि तो शार्लट ख्रिश्चन शाळेत गेला.

अडचण इथे सुरू झाली. चेंडू जायचा, पण निघायचा कमरेजवळून. अंगात ताकद कमी, उंची कमी, म्हणून लहानपणी चेंडू खालून वर फेकायची सवय लागलेली. शाळेच्या पातळीवर ते खपतं. समोर सहा-साडेसहा फुटी बचावपटू आला की तो चेंडू छातीपर्यंत यायच्या आत हात घालतो. डेलनी सांगितलं की कॉलेजात खेळायचं असेल तर चेंडू डोक्याच्या वरून सुटला पाहिजे. हायस्कूलच्या तिसऱ्या वर्षाआधीचा तो उन्हाळा, साधारण तीन महिने, घरामागच्या कोर्टवर यातच गेला. पहिले काही आठवडे पेंटच्या (रिंगसमोरच्या रंगवलेल्या चौकोनाच्या) बाहेरून चेंडू रिंगपर्यंत पोचत नव्हता. जो मुलगा लांबून सहज मारायचा त्याला रिंगखाली उभं राहून सुरुवात करावी लागली. तो रडकुंडीला यायचा, हे त्याने आणि घरच्यांनी नंतर उघडपणे सांगितलं आहे.

बोर्डमागचा

परीघ, उत्तम सुरुवात. कमरेच्या शॉटचं कारण जरा सुटं करून सांगतो, कारण आपल्याकडच्या शाळांच्या मैदानांवर हाच दोष सर्रास दिसतो.

दहा वर्षांच्या मुलाच्या हातात 7 नंबरचा चेंडू दिला आणि रिंग 3.05 मीटरवर ठेवली की त्याच्यापुढे दुसरा मार्गच उरत नाही. खांदा आणि मनगट यांची ताकद पुरत नाही, मग शरीर ताकद शोधतं: चेंडू कमरेशी नेतं, पाठ मागे टाकतं, दोन्ही हातांनी ढकलतं. मूल हुशार असेल तर त्यातही अचूक होतं, आणि मग तर सवय पक्कीच होते. म्हणून मिनी बास्केटबॉलला 5 नंबरचा चेंडू आणि 2.60 मीटरची रिंग ठरवलेली आहे. जिथे रिंग खाली करता येत नाही तिथे निदान चेंडू तरी लहान द्या आणि अंतर कमी ठेवा.

कोपऱ्यातून

शॉट बदलायचा म्हणजे नक्की कुठल्या क्रमाने? "वरून मार" एवढंच सांगून मुलाला काही कळत नाही.

बोर्डमागचा

@कोपऱ्यातून, करीच्या अंगणात रोज काय झालं याची नोंद कुणाकडे नाही, पण असा शॉट बदलण्याचा रुळलेला क्रम असा:

रिंगपासून एक-दीड मीटरवर, फक्त एका हाताने सुरुवात. चेंडू तळव्यावर टेकवायचा नाही, बोटांच्या पेरांवर ठेवायचा, तळवा आणि चेंडू यांच्यात फट दिसली पाहिजे. चेंडू कपाळाच्या किंचित वर, कोपर चेंडूच्या खाली. कोपर बाहेर गेलं की चेंडू आडवा फिरतो आणि रिंगच्या कडेला लागतो. सुटल्यावर मनगट पूर्ण मोडलेलं, हात वरच राहिला पाहिजे. ते जमलं की दुसरा हात आणा, पण फक्त आधाराला. आधाराच्या हाताचा अंगठा ढकलायला लागला तर चेंडू तिरका जातो, आणि हा दोष चटकन दिसत नाही. बाजूला उभं राहून पाहा, रिंगकडे बघू नका.

मग एकेक पाऊल मागे. नियम एकच: चेंडू पोचवण्यासाठी हात खाली यायला लागला की पुन्हा पुढे या. अंतर वाढवण्याची ताकद पायातून येते. गुडघे आणि चेंडू एकाच वेळी वर गेले पाहिजेत. पाय आधी सरळ झाले आणि हात मागून आला तर सगळा भार खांद्यावर पडतो, शॉट तोकडा पडतो.

काय बिघडतं? सामने. नवा शॉट तीन आठवड्यांचा असताना सामना खेळवला की गडबडीत मूल जुन्यावर परततं, आणि परतल्यावर बॉल गेला तर सगळं पाण्यात. करीचं हे काम हंगाम नसताना झालं, यातच अर्धं यश आहे.

शिट्टी

आकड्यांत भर घालतो. रिंगचा व्यास 45.7 सेंमी, 7 नंबर चेंडूचा साधारण 24 सेंमी. चेंडू 45 अंशांत खाली आला तर त्याला रिंग सुमारे 32 सेंमी रुंद "दिसते", म्हणजे 8 सेंमीची सूट. 35 अंशांत आला तर रुंदी 26 सेंमीवर येते, सूट उरते 2 सेंमी. सपाट शॉट मारणारा मुलगा रोजच्या सरावात बरा दिसतो आणि पाय दमले की चौथ्या क्वार्टरला आटतो, त्याचं कारण हे. डोक्यावरून सुटणाऱ्या शॉटचा पहिला फायदा ब्लॉक न होणं, दुसरा हा कोन.

कोपऱ्यातून

हे कोनाचं गणित फार उपयोगी आहे. धन्यवाद दोघांना.

आता पुढचा प्रश्न. शॉट सुधारला, वडील एनबीएतले, तरी मोठ्या कॉलेजांनी का घेतलं नाही?

परीघ

उंची सहा फूट, वजन 160 पौंडांच्या आसपास, म्हणजे 72-73 किलो. चेहरा तर त्याहून लहान मुलाचा. डिव्हिजन एकच्या (कॉलेज खेळातल्या सर्वांत वरच्या पातळीच्या) पुरुष संघाला तेव्हा 13 शिष्यवृत्त्या असायच्या. मोठ्या परिषदेतला (आपसांत खेळणाऱ्या कॉलेजांच्या गटातला) प्रशिक्षक त्यातली एक अशा मुलावर लावताना विचारतो: हा बचावात कुणाला अडवणार? शॉट मारेल, पण मारायला मोकळा कसा होणार? आई-वडिलांच्या व्हर्जिनिया टेकने शिष्यवृत्तीविना संघात यायची जागा देऊ केली. तो प्रश्न अगदीच चुकीचा नव्हता. त्याचं उत्तर शोधायची तयारी मात्र एकाचीच होती.

तो म्हणजे डेव्हिडसनचे बॉब मॅकिलॉप. 1989 पासून तिथे प्रशिक्षक. त्यांचा मुलगा ब्रेंडन आणि स्टीफन लहानपणी एकाच बेसबॉल संघात होते, त्यामुळे मुलगा माहितीतला. डेव्हिडसन शार्लटच्या उत्तरेला साधारण 30 किलोमीटरवर, विद्यार्थी सुमारे 1,700. आपल्याकडच्या तालुक्याच्या ठिकाणच्या बऱ्याच कॉलेजांत याहून जास्त मुलं असतात. एनसीएए या राष्ट्रीय कॉलेज स्पर्धेतला त्यांचा तोवरचा शेवटचा विजय 1969चा.

विदर्भ_एक्स्प्रेस

पहिल्या सामन्याचा उल्लेख राहू नये. नोव्हेंबर 2006, ईस्टर्न मिशिगनविरुद्ध. 15 गुण आणि 13 टर्नओव्हर! तेरा वेळा चेंडू घालवला. पहिल्या वर्षाच्या मुलाला असा आकडा आल्यावर बाकावर बसवणारे प्रशिक्षक ढिगाने मिळतील. मॅकिलॉपनी खेळवत ठेवलं. डेव्हिडसन जिंकलं, आणि लगेच पुढच्या सामन्यात मिशिगनविरुद्ध त्याने 32 मारले.

शिट्टी

त्या 13 मधून एक शिकायचं असतं. टर्नओव्हरची जात बघावी. उभ्याउभ्या ड्रिबल करताना चेंडू काढून घेतला जात असेल तर ती हाताळणीची उणीव, तिथे मिनिटं कमी करावी लागतात. पास योग्य माणसाकडे योग्य वेळी निघाला आणि वेग चुकला म्हणून हुकला, तर ती नव्या पातळीच्या वेगाची सवय नसणं. ते खेळूनच जातं. नोंदवहीत दोन्हींसाठी एकच रेघ पडते, म्हणून नुसता आकडा वाचून मुलाला शिक्षा करू नये.

परीघ

तिन्ही वर्षांचे आकडे एकत्र देतो, पुढच्या चर्चेला लागतील.

2006-07: 34 सामने, 730 गुण, सरासरी 21.5. तीनचे (तीन गुणांचे लांबचे शॉट) 122, 40.8 टक्के. देशातल्या पहिल्या वर्षाच्या खेळाडूंत त्याच्या पुढे फक्त केविन ड्युरंट. एनसीएएच्या पहिल्याच सामन्यात मेरीलँडकडून हार, त्यात त्याचे 30.

2007-08: 36 सामने, 931 गुण, सरासरी 25.9. तीनचे 162, 43.9 टक्के. एका हंगामातला आधीचा विक्रम बटलरच्या डॅरिन फिट्झजेराल्डचा, 158, 1987 सालचा.

2008-09: 34 सामने, 974 गुण, सरासरी 28.6, देशात पहिला. तीनचे 130, 38.7 टक्के.

एकूण 2,635.

मधल्या 2007च्या उन्हाळ्यात सर्बियातल्या नोव्ही साडला 19 वर्षांखालील विश्वस्पर्धा खेळला. अमेरिकेला रौप्य.

कोपऱ्यातून

"शॉट मारायला मोकळा कसा होणार" याचं उत्तर मॅकिलॉपनी काय काढलं?

बोर्डमागचा

चेंडूशिवाय पळवणं. पहिली दोन वर्षं चेंडू वर न्यायचं काम मुख्यतः जेसन रिचर्ड्सकडे होतं. 2007-08 मध्ये असिस्टमध्ये (ज्यावरून लगेच बास्केट होते असे पास) रिचर्ड्स देशात पहिला होता, सामन्याला 8.1. करी बेसलाइनवरून (रिंगमागच्या रेषेवरून), स्क्रीनच्या मागून, सतत पळत. बचावपटू उंच असला तरी पाच-सहा वळणं घेतल्यावर अर्धं पाऊल मागे पडतोच, आणि करीला तेवढंच लागायचं.

स्क्रीन म्हणजे जोडीदार बचावपटूच्या वाटेत स्थिर उभा राहतो आणि आपण त्याला घासून जातो. घासूनच. आपला खांदा आणि जोडीदाराची कंबर यांच्यात फट राहिली तर बचावपटू त्या फटीतून येतो आणि स्क्रीन वाया. पुढची गोष्ट वाचनाची. बचावपटू मागे लागून येतोय? तर जोडीदाराभोवती वळून रिंगकडे. तो आखूड वाटेने पलीकडे जाऊन थांबलाय? तर उलट कोपऱ्याकडे सरका, पास तिकडे येईल. तो स्क्रीनवरच अडकलाय? तर तिथेच पाय रोवून मारा. हे सगळं पळता पळता ठरवायचं, आणि पास देणाऱ्यानेही तेच वाचायचं. दोघांनी वेगवेगळं वाचलं की चेंडू प्रेक्षकांत जातो.

सर्वांत जास्त चूक कुठे होते सांगतो. घाई. पळणारा खेळाडू जोडीदार उभा राहायच्या आधीच निघतो, मग जोडीदार त्याला गाठायला सरकतो, आणि शिट्टी: मूव्हिंग स्क्रीन. फाऊल लागतो बिचाऱ्या जोडीदाराला, चूक पळणाऱ्याची. आधी थांबा, बचावपटूला उलट दिशेला दोन पावलं न्या, मग निघा.

अँड्र्यू लव्हडेल आणि थॉमस सँडर यांची नावं कुणी घेत नाही. त्या स्क्रीन लावणाऱ्यांशिवाय 162 तीनचे होत नाहीत.

विदर्भ_एक्स्प्रेस

लव्हडेलला +1. गॉन्झागाविरुद्धचा निर्णायक चेंडू त्याचाच होता. बरोबरी 74-74, शेवटचा मिनिट जवळ, डेव्हिडसनचा शॉट हुकला. लव्हडेलने चेंडू मिळवला, स्वतः वर न जाता बाहेर करीकडे फेकला, तीन! पुढे 82-76. आक्रमक रिबाउंडनंतर बचाव आत गोळा झालेला असतो, बाहेरचा माणूस सुटतो. त्या क्षणी रिंगखालच्याने चेंडू बाहेर देणं हे शिकवूनच येतं.

2008ची ती वाटचाल थोडक्यात: हंगामाची सुरुवात 4 विजय 6 पराभव अशी. नॉर्थ कॅरोलिना, ड्यूक, यूसीएलए या बड्यांशी मुद्दाम सामने घेतलेले, सगळे हरले, पण नॉर्थ कॅरोलिनाशी फक्त 4 गुणांनी आणि ड्यूकशी 6 गुणांनी. मग सलग 25 विजय. एनसीएएत दहावं मानांकन. गॉन्झागा: करी 40, त्यातले 30 दुसऱ्या अर्धात, तीनचे 10 पैकी 8. जॉर्जटाउन: 17 गुणांनी मागे असताना परत येऊन 74-70, करी 30, त्यातले 25 दुसऱ्या अर्धात. विस्कॉन्सिन: 73-56, करी 33. हे डेट्रॉइटला, फोर्ड फील्डमध्ये, 57 हजारांवर लोकांसमोर. कॉलेजच्या विश्वस्तांनी मुलांच्या बस, तिकीट, राहण्याचा खर्च उचलला होता. 1,700 मुलांच्या कॉलेजसाठी ही केवढी गोष्ट!

आणि मग कॅन्सस. 57-59. तो शेवटचा चेंडू करीने स्वतः मारायला हवा होता असं मला आजही ठामपणे वाटतं.

शिट्टी

असहमत. दृश्य पुन्हा बघा. करी चेंडू घेऊन वर आला, स्क्रीन झाली, आणि दोन बचावपटू त्याच्यावर. त्या सामन्यात त्याचे 25 पैकी 9 शॉट गेलेले, तीनचे 16 पैकी 4. कॅन्ससने अंगावर माणसं बदलत ठेवून त्याचे पाय काढले होते. दोन गुणांनी मागे, सेकंद संपत आलेले, दोन हात तोंडासमोर. मोकळा माणूस रिचर्ड्स. पास योग्य होता. रिचर्ड्सचा लांबून मारलेला तीनचा चेंडू डावीकडे गेला आणि सामना संपला. निकालावरून निर्णय तपासू नये.

विदर्भ_एक्स्प्रेस

बाकी वेळेसाठी मान्य. पण दोन गुणांनी मागे असताना तीनचाच का? दोघांना वर घेतल्यावर आत चौघांवर तिघे होते. चेंडू एक पास पुढे गेला असता तर बरोबरीचा सोपा शॉट निघाला असता.

शिट्टी

हा मुद्दा खरा. घड्याळात तेवढा वेळ असता तर. करी वर येऊन अडकला तिथेच बहुतेक सेकंद गेले. स्क्रीन दोन सेकंद आधी लागायला हवी होती. पुढे कॅन्सस विजेतेपद घेऊन गेलं, म्हणजे अडवणारेही तसेच होते.

कोपऱ्यातून

तिसऱ्या वर्षी तीनचा टक्का 43.9 वरून 38.7 वर का घसरला? लोक म्हणतात जबाबदारी वाढली.

परीघ

दोन कारणं, आणि लोक दुसरं विसरतात. पहिलं: रिचर्ड्स गेल्यावर करी पॉइंट गार्ड झाला. असिस्ट 2.9 वरून 5.6. आता चेंडू स्वतः वर न्यायचा, म्हणजे पास घेऊन पाय रोवून मारण्याऐवजी ड्रिबलवरून मारायचं. ड्रिबलवरून चेंडू उचलताना तो कमरेखालून वर येतो, हातात बसायला वेळ कमी मिळतो. अवघड शॉट.

दुसरं: 2008-09 पासून पुरुषांच्या कॉलेज बास्केटबॉलची तीनची रेषा 19 फूट 9 इंचांवरून 20 फूट 9 इंचांवर गेली. म्हणजे 6.02 मीटरवरून 6.32. त्याचं 162चं वर्ष जुन्या रेषेवरचं आहे. आपल्या मैदानांवर 2010 नंतरची 6.75ची रेषा असते. त्यामुळे मुलांना "करी कॉलेजात 44 टक्के मारायचा, तू का नाही" असं सांगणाऱ्यांनी पाऊण मीटर पुढे उभं करून मोजावं.

बोर्डमागचा

पॉइंट गार्ड करण्याचा निर्णय मात्र त्याच्या भविष्यासाठी सोन्यासारखा होता. सव्वासहा फुटी शूटिंग गार्ड एनबीएत लहान ठरतो. दोन्ही करणारा असेल तर प्रश्न मिटतो.

विदर्भ_एक्स्प्रेस

त्याच वर्षाच्या दोन टोकांवर बोलूया. 18 नोव्हेंबर 2008, ओक्लाहोमाविरुद्ध 44 गुण, आणि संघ हरला 78-82. आठवड्याने, 25 तारखेला, लोयोला मेरीलँडविरुद्ध शून्य. पूर्ण सामन्यात 3 शॉट.

शिट्टी

आणि तो सामना डेव्हिडसनने 78-48 जिंकला! लोयोलाने दोन माणसं सतत त्याला चिकटवली, चेंडू कुठेही असो. करीने काय केलं? कोपऱ्यात जाऊन उभा राहिला. दोघे तिथे त्याच्यासोबत. उरलेल्या कोर्टवर चार विरुद्ध तीन.

चौघांनी तिघांविरुद्ध कसं खेळायचं हे वर्गात शिकवावं असं आहे: चौघांनी पसरायचं, चेंडू ज्याच्याकडे त्याने रिंगकडे निघायचं, कुणीतरी अडवायला येईपर्यंत थांबायचं नाही, आला की ज्याला सोडून तो आला त्याच्याकडे पास. दोन पासात लेअप. चूक एकच होते, चौघे चेंडूजवळ गोळा होतात आणि तिघे बचावपटू त्यांना पुरतात.

त्याची सरासरी त्या दिवसाने खाली आली, आणि तरीही हंगामाअखेर देशात तो पहिला आला. मला त्याच्या 40 गुणांपेक्षा हा सामना मोठा वाटतो. वीस वर्षांच्या मुलाने 30 गुणांनी जिंकताना स्वतःसाठी एकही शॉट ओढून मारला नाही.

कोपऱ्यातून

मग त्या वर्षी एनसीएएत का नाही दिसला?

परीघ

सदर्न परिषदेच्या उपांत्य फेरीत कॉलेज ऑफ चार्ल्सटनने हरवलं. लहान परिषदेतून सहसा विजेत्यालाच थेट जागा मिळते. मग एनआयटी, म्हणजे एनसीएएत जागा न मिळालेल्यांची स्पर्धा, तिथे साउथ कॅरोलिनाला हरवलं, सेंट मेरीजकडून हरले. चौथं वर्ष शिल्लक ठेवून तो 2009च्या ड्राफ्टमध्ये (एनबीए संघ नवे खेळाडू निवडतात त्यात) गेला, गोल्डन स्टेटने सातव्या क्रमांकावर घेतलं.

विदर्भ_एक्स्प्रेस

30 नंबर वडिलांचाच ना? डेव्हिडसनने तो लगेच निवृत्त केला का?

परीघ

वडिलांचाच. लगेच नाही केला. डेव्हिडसनचा नियम आहे, पदवी पूर्ण केल्याशिवाय जर्सी छताला लागत नाही, मग खेळाडू कोणीही असो. करीने राहिलेले विषय पूर्ण करून 2022 मध्ये समाजशास्त्राची पदवी घेतली. मॅकिलॉपही त्याच वर्षी निवृत्त झाले. 31 ऑगस्ट 2022 ला पदवीचा सोहळा आणि 30 नंबरचा सोहळा एकाच दिवशी, त्याच कोर्टवर झाला.